सातबाऱ्यावरचा वणवा

माघ वद्यातल्या एका रविवारी, लालबागच्या आमच्या गावकरी मंडळाच्या खोलीत, शिमग्याच्या वर्गणीचा हिशेब, सहाणेवर घालायच्या मांडवाचा खर्च आणि पालखीला लावायच्या नव्या गोंड्यांचा रंग हे विषय यथाक्रम निकालात निघून चहाचे पेले फिरू लागले असता, आदल्याच रात्री गावाहून आलेल्या एका मुलाने आमच्या वाडीवरचा डोंगर तीन दिवसांपूर्वी जळाल्याची हकीकत सांगितली. आणि मग माझ्याकडे पाहून, आवाज थोडा उतरवून, "मास्तर, तुमची काजूपण गेली," असे तो म्हणाला. सभासदांनी हळहळ व्यक्त केली, दोघातिघांनी आपापल्या वाडीतल्या मागल्या वर्षांच्या अशाच बातम्या सांगितल्या, आणि थोड्या वेळाने बोलणे पुन्हा पालखीकडे वळले.

ती खोली माझ्या आजोबांच्या पिढीने गिरणीच्या पगारातून वर्गणी काढून घेतलेली. एके काळी तीत तिन्ही पाळ्यांचे गडी आळीपाळीने वळकटी पसरून निजत असत आणि एकाची पाळी सुटली की दुसऱ्याची उशी रिकामी होत असे. आता तेथे कोणी राहत नाही. ग्रामदेवतेची तसबीर, एक लोखंडी कपाट आणि कपाटात मंडळाच्या इतिवृत्ताच्या वह्या एवढाच तिचा संसार उरला आहे. चिटणीस या नात्याने किल्ली माझ्यापाशी असते. त्या संध्याकाळी सारे पांगल्यावर मी त्या वह्या उघडून बसलो. देवळाचे छप्पर, शाळेची इमारत, विहिरीचा उपसा, रस्त्यासाठी मामलेदार कचेरीत केलेले अर्ज, कोणाचा मृत्यू, कोणाचा सत्कार, या सर्वांची नोंद होती. वणव्याची नोंद कोठेही ठरावात नव्हती. ज्यांचे मांगर किंवा वैरण जळाली त्यांच्याविषयी सहानुभूतीच्या दोन ओळी होत्या, तेवढ्याच. दरवर्षी जळणारा डोंगर आमच्या विषयपत्रिकेवर कधी आलाच नव्हता.

माझे वडील परळच्या एका गिरणीत साचाखात्यात होते. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांचा संप सुरू झाला, अडीच लाख कामगारांच्या हातांना काम उरले नाही, आणि भोंगा पुन्हा वाजेल या आशेवर दीड वर्ष काढून वडील अखेर गावी परतले. पुढे १९९० मध्ये रोजगार हमीशी जोडलेली फळबाग लागवडीची सरकारी योजना आली, कोकणातल्या वरकस जमिनींवर आंबा-काजूची कलमे उभी राहू लागली, तेव्हा त्यांनी डोंगराच्या उतारावर वेंगुर्ल्याच्या काजूची एकशेवीस कलमे लावली आणि तीन उन्हाळे खालच्या वहाळातून कावडीने पाणी वाहून ती जगवली. ज्या हातांनी तीस वर्षे साचे चालवले त्या हातांना उतारवयात मातीने दिलेले ते एकमेव इनाम होते. ते इनाम कसे गेले हे पाहण्यासाठी, शिमग्याला आठ दिवस अवकाश असतानाच, मी निघालो.

दादरच्या फलाटावरून मध्यरात्री सुटणारी सावंतवाडीची गाडी आमच्या लोकांच्या ओळखीची आहे. मालगुंडच्या कवीच्या कवितेवरून तिला 'तुतारी' हे नाव मिळाले, पण तीतले उतारू बहुधा पनवेल मागे पडायच्या आत निद्राधीन होतात. मला त्या रात्री झोप येईना. लालबागेत ते दिवस मसाल्याचे असतात, भाजलेल्या मिरच्यांचा खकाणा गल्लीगल्लीत भरून राहिलेला असतो, आणि तो वास माझ्या कपड्यांना लागलेला गाडीतही जाणवत होता. करंजाडी मागे टाकून गाडी नातूवाडीच्या लांब बोगद्यातून बाहेर पडली, आणि पूर्वेकडे, जेथे सह्याद्रीची काळी भिंत केवळ अनुमानाने ओळखावी लागते तेथे, एक तांबूस रेघ दिसली. मग तिच्या वर दुसरी, पुढे एका वळणानंतर तिसरी. दाराशी उभ्या असलेल्या एका तरुणाने भ्रमणध्वनीत तिचे चित्र घेतले आणि कोणीतरी डोंगरावर दिवे लावल्यासारखे दिसते, असे तो कौतुकाने म्हणाला. दुरून ते दृश्य खरोखर रमणीय असते हे मी नाकारणार नाही. बालपणी मीही अशाच रेघा मोजीत असे. त्या रेघेच्या पलीकडे काय आहे ते ठाऊक असलेल्या माणसाला मात्र तिच्याकडे फार वेळ पाहवत नाही.

संगमेश्वर रोडला उतरलो तेव्हा उजाडत होते. घरी पोचून, काकींनी पुढे ठेवलेल्या तांदळाच्या भाकरीचे दोन घास घेऊन, थोरल्या चुलतभावासह मी डोंगराकडे निघालो. त्यांना आम्ही सारे दादा म्हणतो. वय सत्तरीच्या पुढे, मुंबई त्यांनी दोनदा पाहिली ती दोन्ही वेळा इस्पितळासाठी, आणि त्या डोंगराची प्रत्येक घळ त्यांना नावानिशी ठाऊक. वाटेतल्या शेवटच्या गडग्यापर्यंत सर्व नेहमीसारखे होते. गडगा ओलांडला आणि पायाखालची जमीन काळी झाली.

जळलेली काजू पडत नाही, उभीच राहते. तिची पाने गळत सुद्धा नाहीत. होरपळून विटकरी रंगाची झालेली ती फांदीलाच लटकून राहतात आणि वारा आला की कागदासारखी वाजतात. खोडांच्या साली तडकून आतला चीक काळ्या गाठींनी बाहेर आला होता. फुलोरा नुकताच धरलेला, काही ठिकाणी बोंडाआधीची हिरवी बी दिसू लागलेली. ती सारी शिजून गेली होती. दादांनी एक डहाळी मोडून पाहिली, नखाने साल खरवडली, आत हिरवे काही दिसेना म्हणून पुढच्या झाडाकडे गेले, आणि असे करीत करीत आम्ही सगळी रांग हिंडलो. वरच्या अंगाची, कातळालगतची चौदा झाडे वाचली होती. तेथे गवतच उगवत नाही.

"दादा, लागला कुठून?" मी विचारले.

"खालून," ते म्हणाले. "दुपारच्याला लागला. वारा खालून वर. आमी चवगं हुतो रं, चवगांनी काय व्हनार?"

त्या दोन वाक्यांत वणव्याचे सारे शास्त्र आहे. दुपारी समुद्राकडून येणारा वारा डोंगर चढतो, ज्वाळा उताराच्या बाजूला झुकतात, वरचे गवत पेटण्याआधीच त्यांच्या धगीने वाळून तयार होते, आणि म्हणून चढणीवर आग माणसाच्या पायांहून वेगाने धावते. रात्री मतलई वारा उलटा वाहू लागला, दव पडू लागले, की तीच आग मंदावते, रेघ होऊन हळूहळू उतरते, आणि अशा वेळी ती गाडीतल्या उतारूंना दिसते. आमच्याकडचा वणवा झाडांच्या शेंड्यांवरून जात नाही. तो जमिनीवरून, गवतातून आणि पातेऱ्यातून, गुडघाभर किंवा फार तर कमरेइतक्या उंचीने सरकत जातो आणि एका जागी काही क्षणच थांबतो. मागे राहिलेली वठलेली खोडे मात्र पुढे चार-चार दिवस आतून धुमसत राहतात, आणि विझली म्हणून घरी गेलेल्या माणसांच्या पाठीमागे त्यांतलीच एखादी ठिणगी पुन्हा उठते.

मी शाळेत वनस्पतिशास्त्र शिकवीत असे. त्या सवयीने, दुःख बाजूला ठेवून म्हणा किंवा दुःखाला काही काम द्यावे म्हणून म्हणा, मी त्या काळ्या उतारावर काय मेले आणि काय राहिले हे पाहू लागलो. ऐनाची मोठी झाडे उभी होती. मगरीच्या पाठीसारखी भेगाळलेली त्यांची जाड साल बाहेरून काळी पडली होती, पण आतल्या जिवंत थराला धक्का नव्हता. पळसाला तर राखेत उभे असतानाच फुले आली होती. जांभूळ आणि अंजनी यांच्यासारख्या पातळ सालीच्या झाडांची दशा वाईट होती. आणि सर्वांत विचार करायला लावणारी दशा किंजळीच्या व ऐनाच्या पोरांची: कोयत्याने खणून एका रोपाची मुळे उघडी केली तेव्हा आत मनगटाएवढा जाड, गाठाळ खुंट निघाला, आणि त्यावर मागच्या पावसाळ्यात फुटलेले, वीतभर वाढून आता जळून गेलेले तीन कोंब. हे झाड वयाने दहा-पंधरा वर्षांचे तरी असावे. दरवर्षी आषाढात ते फुटते, दरवर्षी फाल्गुनात त्याचा शेंडा जळतो. साल जाड व्हायला जी सलग काही वर्षे लागतात ती त्याला कधी मिळतच नाहीत, आणि वृक्ष होण्याच्या लायकीचा तो जीव जन्मभर गवताच्या उंचीचाच राहतो.

गवताची गोष्ट वेगळी. डोंगरात हिंडताना धोतराला, पायमोज्यांना जे कुसळ चिकटते आणि ज्याचा आपण केवळ त्रास मानतो, ते कुसळी गवताच्या बियांचे शेपूट असते. त्याला दोरीसारखा पीळ असतो. दव पडले की पीळ सुटतो, ऊन लागले की पुन्हा बसतो, आणि या रोजच्या पिळण्या-सुटण्याने पुढचे टोकदार बी स्क्रूसारखे मातीत शिरत जाते. वणवा येतो तेव्हा ते बोटभर माती पांघरून निजलेले असते, आणि गवतावरून झरझर गेलेल्या आगीची धग त्या खोलीपर्यंत फारशी पोचत नाही. पहिल्या पावसात राखेतून तेच आधी वर येते. फोडशीचे आणि भुईतल्या इतर कंदांचेही तसेच. मिरगानंतर आमच्या बाया ज्या रानभाज्या आणतात त्या वणव्याच्या वेळी जमिनीखाली असतात. म्हणून जळलेला डोंगर जुलैत हिरवागार दिसतो आणि मुंबईहून गणपतीला आलेल्या माणसाला काही बिघडले आहे असे वाटत नाही. पण प्रत्येक आग झाडाची थोडी जागा काढून गवताला देते, आणि वाढलेले गवत पुढल्या वर्षीच्या आगीला जळण देते. हा फास एकदा बसला की डोंगर आपणहून त्यातून सुटत नाही.

पशुपक्ष्यांचा तपशील मी लांबवीत नाही. कोतवाल आणि वेडे राघू आगीच्या कडेने फिरून पळणारे नाकतोडे टिपतात, त्यांची एका दिवसाची चंगळ होते. जमिनीवर घरटी करणाऱ्या टिटवीची, लाव्यांची, रानकोंबडीची मात्र अंडी जातात. कासव पळू शकत नाही. खवल्या मांजर संकटात अंगाचे वेटोळे करून बसते, जे बिबट्यापुढे उपयोगी पडत असेल, आगीपुढे नाही. त्याच्या रक्षणासाठी चिपळूणची सह्याद्री निसर्ग मित्र ही संस्था गावोगाव फिरली आहे, आणि त्याचे अन्न असलेल्या मुंग्या-वाळव्या ज्या कुजक्या लाकडात राहतात तेच लाकूड वणव्यात सर्वांआधी जाते. मातीविषयी एक वाक्य पुरे: जेथे चार महिन्यांत ३००० मिलिमीटरांहून अधिक पाऊस कोसळतो तेथे उघड्या उतारावरची माती किती वर्षे टिकेल हे सांगायला शास्त्रज्ञ नको, खालच्या वहाळात साचलेला गाळ पुरेसा आहे.

डोंगराच्या खांद्यापलीकडे देवराई आहे. राखेतून चालून तिच्या छायेत शिरलो तेव्हा अंगावरून कोणी ओले फडके फिरवल्यासारखे वाटले. गारंबीचे मांडीएवढे वेल, सातवीण, बेहडे, आणि त्यांच्या तळाशी पायाच्या घोट्याइतका दमट पातेरा. आग त्या काठाशी येऊन विझली होती, कारण सावलीत गवत वाढत नाही आणि ओला पातेरा पेटत नाही. माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक या दोघांनी देवरायांच्या रक्षणाची विनवणी करणारा निबंध १९७५ साली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात लिहिला. १८८३ साली स्थापन झालेल्या त्या सोसायटीचे बिऱ्हाड आमच्या मुंबईतच, फोर्टात हॉर्नबिल हाऊसमध्ये आहे, आणि नोकरीच्या काळात मी तेथे कैक शनिवार घालवले आहेत. परंतु आपल्या देवाचे रान हा ज्ञानाचा विषय आहे, हे मला गावात नव्हे तर तेथे कळले याची त्या झाडांखाली उभा असताना मनाला टोचणी लागली. देवराईच्या पश्चिमेच्या काठावरची सहा-सात झाडे या वेळी होरपळली आहेत. दादा म्हणाले, दरवर्षी असा एकेक हात आग आत सरकते.

आग ही अरण्याची शत्रूच, असा निर्णय करून मी मोकळा झालो असतो; पण काही वर्षांपूर्वी कॅनडात जे पाहिले होते ते आड आले. माझा भाचा एडमंटनला असतो. २०१८ च्या उन्हाळ्यात त्याने मला उत्तरेकडे, सव्वाचारशे-साडेचारशे किलोमीटरांवरच्या फोर्ट मॅकमरे या गावी नेले होते. तेथे १ मे २०१६ रोजी आग लागली, ३ मे रोजी सारा गाव रिकामा करावा लागला, ऐंशी हजारांहून अधिक माणसे एकाच रस्त्याने ज्वाळांमधून बाहेर पडली आणि सुमारे २४०० इमारती भस्मसात झाल्या. आग आटोक्यात आली ती जुलैत. पण पूर्णपणे विझल्याचे जाहीर झाले ऑगस्ट २०१७ मध्ये, कारण मधला संपूर्ण हिवाळा ती बर्फाखालच्या शेवाळात आणि कुजलेल्या पालापाचोळ्यात धुमसत राहिली होती. त्या मुलखातली आग आमच्यासारखी गुडघ्याने चालत नाही. स्प्रूसच्या फांद्या जमिनीला टेकलेल्या, अंगात राळ. त्या शिडीने ती शेंड्यावर चढते आणि शेंड्याशेंड्यावरून वाऱ्याबरोबर मैलच्या मैल जाते.

दोन वर्षांनी मी पाहिले तेव्हा मैलोगणती काळ्या काठ्या उभ्या होत्या, आणि त्यांच्या पायाशी, क्षितिजापर्यंत, जांभळ्या-गुलाबी फुलांचे शेत पसरले होते. आगीनंतर उघड्या पडलेल्या जमिनीवर जे सर्वांआधी येते त्या फायरवीडचे. भाच्याने जॅक पाइनचे एक फळ माझ्या हातात दिले. ते राळेने घट्ट मिटलेले असते, वर्षानुवर्षे फांदीवर तसेच राहते, आणि सुमारे ५० अंशांची धग लागली म्हणजे राळ वितळून उघडते. मग राखेच्या मऊ गादीवर बी पडते. जुनी झाडे मेली होती, पण त्यांच्याखाली बोटभर उंचीची रोपे इतकी दाट होती की पाय ठेवायला जागा नव्हती. काळ्या पाठीचा एक सुतार पक्षी जळक्या खोडांतल्या भुंगेऱ्यांच्या अळ्या काढीत होता. तो अशा जळलेल्या रानांच्याच शोधात असतो. विमानातून पाहिले तर ते अरण्य एखाद्या जुन्या गोधडीसारखे दिसते: एक ठिगळ दहा वर्षांपूर्वी जळलेले, एक चाळीस, एक शंभर, आणि प्रत्येकात वेगळ्या वयाची झाडे, वेगळे पक्षी, वेगळे चरणारे प्राणी.

तेथे ही आग बव्हंशी विजेने लागते आणि एकाच जागी ती पुन्हा यायला साधारणतः पन्नास ते दोनशे वर्षे जातात. त्या दीर्घ आवर्तनाशी झाडांनी, फळांनी, पक्ष्यांनी आपले आयुष्य जुळवून घेतले आहे. अलीकडे तेथेही ते आवर्तन बिघडू लागले आहे. २०२३ च्या एका उन्हाळ्यात कॅनडात दीड कोटी हेक्टरांच्या आसपास, म्हणजे आपल्या महाराष्ट्राच्या जवळजवळ निम्मा, प्रदेश जळाला, न्यूयॉर्कचे आकाश नारिंगी झाले, आणि लवकर लवकर येणाऱ्या आगींमुळे बी धरण्याच्या वयाला पोचण्याआधीच कोवळी पाइन जळू लागली तर ते रान पुन्हा उभे राहील काय, अशी चिंता तेथील जाणत्यांना लागली आहे. तेव्हा आगीचा दोष आगीत नसून तिच्या वारंवारतेत आहे, असे माझे मत त्या प्रवासात बनले होते. आणि जळलेल्या किंजळीचा खुंट हातात घेऊन आमच्या डोंगरावर बसलो असता ते निश्चित झाले. तेथे जी गोष्ट शतकातून एकदा होते ती आमच्याकडे वर्षातून एकदा होते.

आणि ती विजेने होत नाही. आमच्याकडे वीज येते ती वैशाखातल्या वळवाबरोबर किंवा मिरगाबरोबर, म्हणजे पाणी घेऊनच येते. माघ-फाल्गुनाच्या कोरड्या आभाळात लागलेल्या आगीला माणसाचा हात असतो. बांबूवर बांबू घासून वणवा पेटतो असे सांगणारे पुष्कळ भेटतात; आमच्या डोंगरावर बांबूचे बेटच नाही. कोणी बांध जाळतो आणि आग हातची निसटते, कोणी मधाच्या पोळ्याखाली धूर करून तसाच निघून जातो, कोणी विडीचे थोटूक टाकतो, कोणी शिकारीसाठी रान मोकळे करतो, आणि जाळल्याने पुढल्या वर्षी गवत चांगले येते या समजुतीने काडी लावणारेही आहेत.

येथे शेतकऱ्याच्या भाजावळीविषयी दोन शब्द लिहिले पाहिजेत, कारण तिच्यावर दीडशे वर्षे आरोप होत आले आहेत. ब्रिटिश अंमलात जंगलखात्याची हद्द आखली गेली तेव्हा ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांतल्या कुळांच्या राबाच्या व टहाळाच्या हक्कांवरून इतकी तक्रार उठली की सरकारला १८८५ मध्ये मुंबई इलाख्याचे जंगल कमिशन नेमावे लागले; त्याचा अहवाल १८८७ साली आला. राब म्हणजे रानाची नासाडी असे साहेबाच्या अंमलदारांचे म्हणणे होते. मी लहानपणी माझ्या आजीला भाताच्या रोपांची दाढ भाजताना पाहिले आहे. कवळे, शेण, पातेरा आणि वर माती, असे थर लावून झाल्यावर ती आधी चारी बाजूंनी झाडून हातभर जमीन उघडी करी. पहाटे दव असतानाच वाऱ्याच्या विरुद्ध अंगाने पेटवी. पाण्याची घागर आणि ऐनाचे हिरवे टहाळे जवळ ठेवी. आणि शेवटचा निखारा विझेपर्यंत आम्हा पोरांपैकी कोणाला जागचे हलू देत नसे. त्या आगीला धनी होता. आज सत्तर वर्षांचा एकटा म्हातारा बांध जाळायला जातो, वारा फिरतो, आणि तो पाहत राहतो.

डोंगरही तेव्हा असा गवताने भरलेला नसे. दादांना मी तेच विचारले तर ते म्हणाले, "ढोरां हुती तंवर गवत ऱ्हात नव्हता. आता गवत हाय, खानारा कोन नाय." घरागणिक चार जनावरे होती, घरे गवताने शाकारलेली होती आणि दिवाळीनंतर सारा गाव विळे घेऊन डोंगरावर जात असे, माघ येईपर्यंत उतार तासल्यासारखा होई. मग घरांवर कौले आणि पत्रे आले, जनावरे विकली गेली, आणि विळा धरणारे हात परळ, लालबाग, शिवडीला गेले. गिरगावातल्या चर्नी रोडचे नाव गुरांच्या चरणीवरून पडले, गरिबांच्या गुरांना फुकट चरता यावे म्हणून जमशेटजी जीजीभाईंनी ठाकूरद्वारी कुरण विकत घेऊन दिले, असे सांगतात. शहरातल्या गुरांसाठीही कोणा एकाला कुरणाची चिंता वाहावीशी वाटली. आमच्या कुरणाची चिंता वाहणारे सारेच शहरात आले.

आमच्या त्या गट नंबराच्या सातबाऱ्यावर सदतीस नावे आहेत. दुपारी घरी येऊन मी ती मोजली. त्यांतली अकरा मयत, वारस लागलेले नाहीत; उरलेल्यांपैकी गावात तिघे; बाकीचे मुंबईत, आणि मुंबई परवडेना तेव्हा नालासोपारा, विरार, डोंबिवलीला. रत्नागिरी जिल्ह्यातले बहुतेक रान असेच खासगी आणि सामाईक आहे, म्हणून राखीव जंगलात सरकारी बंदोबस्ताने काढली जाणारी जाळरेषा येथे कोणी काढायची असा प्रश्न पडतो, आणि सदतिसांपैकी प्रत्येकाला ती इतर छत्तिसांनी काढायची असते. डेहराडूनच्या भारतीय वन सर्वेक्षणाला उपग्रहाच्या डोळ्याने आमचा डोंगर जळताना दिसतो. आकाशातून दिसलेली आग विझवायला खाली माणूस लागतो.

ते मी शिमग्यातच पाहिले. होळीच्या आदल्या संध्याकाळी पालखी सहाणेवर होती, ढोल लागले होते, मुंबईचा सारा गाव, पोरेबाळे, सुना, जावई, अंगणात जमला होता. आणि उत्तरेच्या खांद्यावर धूर दिसला. ढोल थांबले. मानकऱ्यांपैकी एकाने देवीसमोर हात जोडले आणि मग तोच पहिल्याने डोंगराकडे धावला. मागून साठसत्तर जण. लोअर परळच्या कचेरीत बसणारी मुले, जन्मात विळा न धरलेली, टहाळे तोडून दादांच्या हुकमाप्रमाणे एका ओळीत उभी राहिली. काहींनी आगीच्या पुढे पन्नास पावलांवर गवत कापून पट्टा उघडा केला, काहींनी त्या पट्ट्यापासून उलटी आग लावून मधले जळण संपवले, बाकीच्यांनी बगलेने झोडपत ती आवळीत आणली. दोन तासांत वणवा विझला. देवराईला झळ लागली नाही. रात्री अकराला ढोल पुन्हा सुरू झाले तेव्हा नाचणाऱ्यांचे चेहरे काजळीने एकसारखे झाले होते आणि त्यांत गावचा कोण, मुंबईचा कोण, हे ओळखू येत नव्हते. महिन्यापूर्वी त्याच डोंगरावर चौघे होते आणि वडिलांची बाग गेली. त्या रात्री गाव भरलेला होता, म्हणून डोंगर वाचला.

मुंबईला परतल्यावर चैत्रातल्या पहिल्या रविवारी मंडळाची सभा भरली. मी जे पाहिले ते सांगितले, सातबाऱ्यावरची सदतीस नावे वाचून दाखवली, आणि ठराव मांडला तो असा: शिमग्याला जाणाऱ्या प्रत्येक घरातून एकाने माघी गणेशजयंतीच्या सुमारास, गवत वाळलेले पण वारा सुटलेला नाही अशा वेळी, दोन दिवस गावी जावे, डोंगराच्या पायथ्याने आणि देवराईच्या सभोवार बारा हात रुंदीचा पट्टा कापावा, कापलेले गवत पहाटेच्या दवात, पाणी आणि माणसे जवळ ठेवून, तेथेच जाळावे, आणि ज्यांना जाता येत नाही त्यांनी एका मजुराचा रोज द्यावा. कोकणातल्या ज्या ज्या गावाची अशी खोली लालबाग, परळ, गिरगाव, दादर येथे अजून उभी आहे त्या प्रत्येक मंडळाला माझी हात जोडून विनंती आहे की पालखीच्या वर्गणीबरोबर हा विषयही आपल्या वहीत घ्यावा. कुसळ आणि कंद आपली काळजी घेतील, ऐनाच्या आणि किंजळीच्या पोरांना सलग दहा वर्षे हवी आहेत.

आमचा ठराव एकमताने मंजूर झाला. इतिवृत्ताच्या वहीत वणव्याची ती पहिली नोंद आहे, आणि तिच्याखाली तेवीस नावे आहेत.